काका, तुमच्या कालनिर्णयच्या पानावरचा रस्ता

प्रिय काका,
सा. न. वि. वि.

फोनवर आभाराचा शब्द निघाला की तुम्ही लगेच "आई कशी आहे?" म्हणून विषय बदलता. तीनदा झालं असं. म्हणून आता पत्रच लिहितेय, आणि तेही सगळ्यांना वाचता येईल असं. कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात आई-वडिलांना घेऊन निघायचं ठरवणाऱ्या कुणाच्या तरी उपयोगी पडेल, हा एक हेतू. दुसरा हेतू असा, की तुम्ही आमच्यासाठी जे केलंत ते चार लोकांना कळायलाच हवं.

आई सहा महिन्यांसाठी आली होती. आम्ही हौसेनं तिला सगळं दाखवलं, धबधबे, उंच इमारती, मोठमोठी उद्यानं. प्रत्येक ठिकाणी ती "छान आहे हो" म्हणायची आणि बसायला बाक शोधायची. त्या दिवशी जेवणाच्या पंगतीत तुम्ही तिच्या शेजारी बसलात आणि विचारलंत, "ताई, तुम्हाला बघायला काय आवडतं?" काका, हा प्रश्न आमच्यापैकी कुणाला सुचलाच नव्हता. एकतीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवलेल्या माझ्या आईनं घास हातात धरून थोडा विचार केला आणि म्हणाली, "माणसानं हातानं केलेलं काहीही."

पुढच्या रविवारी तुम्ही जुन्या कालनिर्णयचं एक पान घेऊन घरी आलात. पाठीमागच्या कोऱ्या बाजूवर निळ्या बॉलपेननं काढलेला नकाशा होता. नोकरीत वीजवाहिन्यांच्या तपासणीसाठी तुम्ही हा सगळा भाग पायाखाली घातलेला, त्यामुळे टाकी कुठं भरायची, कुठून पुढं मोबाइल चालणार नाही, पाण्याचे किती कॅन ठेवायचे, हे त्यात होतंच. पण बहुतेक गोलांशेजारी तुम्ही एक आकडा लिहिला होता. ११. २७. १५. ४४. मला वाटलं मैल असतील. तुम्ही म्हणालात, "मैल नाहीत, वर्षं आहेत. एकेका माणसानं तिथं घातलेली." त्या आकड्यांनी आमची सहल बदलून टाकली.

पहिला गोल कॅबझॉनचा, ११ वर्षांचा. महामार्गावरून दिसणारा १५० फूट लांबीचा डायनासोर. क्लॉड बेल नावाच्या शिल्पकारानं आपल्या खानावळीकडे गाड्या वळाव्यात म्हणून १९६४ मध्ये तो उभारायला घेतला आणि १९७५ मध्ये पूर्ण केला. पोटात शिरता येतं. आमच्या चिरंजीवांना तिथून हलवणं कठीण झालं, एवढंच सांगते, कारण मला लवकर पुढं जायचंय.

बॉम्बे बीचला. नाव वाचून आई सावरून बसली होती. समुद्रसपाटीपेक्षा २२३ फूट खाली, सॉल्टन समुद्र नावाच्या मोठ्या तळ्याच्या काठावरची ही छोटीशी वस्ती. हा समुद्र मुळात चुकून झालेला. १९०५ मध्ये कोलोरॅडो नदीचं पाणी कालवा फोडून या खोलगट भागात शिरलं आणि १९०७ पर्यंत थांबवता आलं नाही. पन्नास-साठच्या दशकांत इथं लोक सुट्टीला येत, बोटी फिरवत. पुढं पाणी खारट होत गेलं, मासे मेले, माणसंही गेली. ओसाड पडलेल्या त्या किनाऱ्यावर २०१६ पासून कलावंत येऊन काही ना काही मांडून ठेवतात. मोडक्या गाड्या ओळीनं लावलेलं एक चित्रपटगृह आहे, सगळ्या गाड्यांची तोंडं पडद्याकडे. आईनं चप्पल काढून वाळूत पाय ठेवला आणि लगेच उचलला. ती वाळू नव्हतीच. माशांच्या हाडांचा आणि शिंपल्यांसारख्या कवचांचा चुरा होता तो, पायाखाली करकर वाजणारा. ती वाकली, एक पांढरा काटा चिमटीत धरून उन्हाकडे करून बघितला आणि परत होता तिथं ठेवला. मुंबईच्या नावाच्या त्या किनाऱ्यावर ती बराच वेळ गप्प उभी राहिली. मीही काही विचारलं नाही.

तिथून थोडं खाली नायलँडजवळ साल्व्हेशन माउंटन. तुमचा २७. खरं सांगायचं तर फोटो पाहून मला ते भडक वाटलं होतं. लाल, पिवळा, निळा, गुलाबी रंग फासलेली टेकडी, वर क्रूस आणि मध्ये मोठ्या अक्षरांत "देव म्हणजे प्रेम" असं इंग्रजीत. तिथं गेल्यावर माझं मत पार बदललं. लेनर्ड नाइट हा माणूस १९८४ मध्ये तिथं आला. हेच वाक्य लिहिलेला फुगा आकाशात सोडायचा त्याचा बेत होता, फुगा उडालाच नाही, कापड कुजलं. जाताना एक छोटी खूण ठेवावी म्हणून त्यानं सिमेंटला हात घातला आणि तिथलाच होऊन गेला. काही वर्षांनी त्यानं उभारलेला सगळा डोंगर कोसळला. सिमेंटमध्ये वाळू जास्त झाली होती. त्यानं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली, या वेळी चिकणमाती आणि पेंढा घेऊन. ट्रकमध्ये राहायचा, वीज नाही, नळ नाही. येणारे-जाणारे रंगाचे डबे देऊन जायचे. २०११ मध्ये प्रकृतीमुळे त्याला तिथून हलावं लागलं आणि २०१४ मध्ये तो गेला.

आईनं भिंतीला हात लावला. रंगाचा थर बोटाएवढा जाड आहे, ऊन खाऊन कोमट झालेला. एका कडेला पोपडा निघालेला होता, आतून पेंढ्याची काडी डोकावत होती. आई म्हणाली, "अगं, ही तर आपली भिंत. माझी आजी अशीच माती तुडवायची, पेंढा घालून. पेंढा नसला तर भेगा पडतात." आणि मग काका, गेल्या सहा महिन्यांत बोलली नसेल एवढं ती बोलली. माती किती दिवस भिजत ठेवायची, पहिला हात कसा द्यायचा, दुसरा कधी. तिथं राखण करणारा एक स्वयंसेवक कौतुकानं बघत उभा होता. मी भाषांतर करत होते आणि तो मान डोलवत होता. त्यालाही तीच दुरुस्ती करायची असते म्हणे, पाऊस पडला की.

आता बोरेगो स्प्रिंग्ज. इथं तुम्ही आकडा घातला नव्हता, लाल पेननं लिहिलं होतं, "गाडी घट्ट जमीन सोडून नेऊ नये." रिकार्डो ब्रेसेडा यांनी पत्र्यातून घडवलेले १३० हून अधिक पुतळे तिथं मोकळ्या माळावर विखुरलेले आहेत, डेनिस अ‍ॅव्हरी यांनी आपल्या जमिनीवर उभे करवून घेतलेले. हत्तीचे पूर्वज, राक्षसी स्लॉथ, सुळेवाले वाघ. यातले कितीतरी प्राणी लाखो वर्षांपूर्वी याच भागात हिंडत होते. आणि ३५० फूट लांबीचा तो सर्प! रस्त्याच्या एका बाजूला त्याचं डोकं, दुसऱ्या बाजूला शेपूट, मधलं अंग डांबराखालून गेल्याचा भास. गंजाचा तांबूस रंग संध्याकाळी जिवंत होतो. त्याचं शेपूट जवळून दाखवायच्या नादात आम्ही गाडी वाळूत घातली आणि रुतलो.

यांनी अ‍ॅक्सिलरेटर दाबला तशी चाकं आणखी खाली गेली. सूर्य टेकलेला, मागच्या सीटवर आई आणि मुलगा, मोबाइलला एक काडी. मी तुम्हाला फोन लावला. तुमचं पहिलं वाक्य मला आयुष्यभर आठवेल, "गाडी बंद करा आणि आधी सगळे पाणी प्या." मग तुम्ही एकेक पायरी सांगत गेलात. चाकांपुढची वाळू हातानं ओढून काढा. व्हॉल्व्हची टोपी काढून किल्लीच्या टोकानं पिन दाबा, हवा वीसपर्यंत खाली आणा. हवा कमी झाली की टायर पसरतं, वजन जास्त जागेवर पडतं आणि वाळू धरून ठेवते. पायपुसण्या काढून चाकांपुढं अंथरा. स्टिअरिंग सरळ, पाय हलका, थांबायचं नाही. चारही चाकांची हवा सोडेपर्यंत तुम्ही फोन धरून होतात, आणि मध्येच आईला मागून घेऊन विचारलंत, "ताई, सर्पाचे खवले बघितले का, एकेक वेगळा कापलाय." भीतीनं तिचे हात गार पडले होते. तुमच्या त्या प्रश्नानं ती गाडीतून उतरून खवले बघायला गेली. तिसऱ्या प्रयत्नात गाडी निघाली. तुम्ही हट्टानं घ्यायला लावलेला तो छोटा हवेचा पंप, ज्यावरून निघताना घरात थोडी कुरबूर झाली होती, त्यानं हवा परत भरली आणि आम्ही अंधार पडायच्या आत मुक्कामाला पोहोचलो. यांनी निरोप दिलाय की पंप आता कायम गाडीतच राहील.

जोशुआ ट्री गावाजवळचा १५ चा गोल म्हणजे नोआ प्युरिफॉय. वयाच्या सत्तरीनंतर, १९८९ मध्ये हा कलावंत लॉस एंजेलिस सोडून वाळवंटात राहायला आला आणि २००४ मध्ये जाईपर्यंत टाकून दिलेल्या कमोडपासून टीव्हीपर्यंत सगळ्यातून दहा एकरांवर कलाकृती उभ्या करत राहिला. ऊन-वारा त्यांचं जे करेल ते त्याला मान्य होतं. बेकर गावातला १३४ फुटी थर्मामीटर आम्ही गाडीतूनच पाहिला. १० जुलै १९१३ ला डेथ व्हॅलीत नोंदलेल्या १३४ अंश फॅरनहाइटच्या आठवणीसाठी त्याची उंची तेवढी ठेवलीय, हे मुलाला फार आवडलं.

आणि मग तुमचा ४४. डेथ व्हॅली जंक्शन. चार इमारती, वारा आणि एक पांढरं लांबट सभागृह, अमरगोसा ऑपेरा हाउस. तुम्ही सांगितलं होतंत की आत जाण्याआधी ताईंना गोष्ट सांगा, म्हणून मी गाडीतच सांगितली. १९६७ मध्ये न्यूयॉर्कची नर्तिका मार्टा बेकेट नवऱ्याबरोबर इथून जात असताना गाडीचं टायर पंक्चर झालं. दुरुस्ती होईपर्यंत ती इकडंतिकडं फिरली आणि टाकणखार काढणाऱ्या कंपनीनं बांधलेलं, नंतर बंद पडलेलं हे सभागृह तिला दिसलं. दाराच्या भोकातून तिनं आत पाहिलं. महिना ४५ डॉलर भाड्यानं तिनं ते घेतलं आणि १९६८ पासून तिथं नाचू लागली. बघायला कधी दहा-बारा माणसं, कधी कुणीच नाही. मग तिनं भिंतींवर प्रेक्षकच रंगवले. राजा, राणी, सरदार, नन, भिक्षू, सज्जेच्या सज्जे भरून. भिंतींनाच चार वर्षं लागली, छत त्यानंतरचं. २०१२ पर्यंत ती रंगमंचावर येत होती, ऐंशी उलटून गेल्यावरही.

आत गेल्यावर आई मधल्या खुर्चीवर बसली. आजूबाजूला ते सगळे रंगवलेले लोक रंगमंचाकडे बघत होते. पाच मिनिटांनी ती उठली, भिंतीजवळ गेली, हात मागे बांधून, शाळेत मुलांच्या वह्या बघायला फिरायची तशी. एका ठिकाणी थांबून म्हणाली, "हात बघ गं. गर्दी काढताना लोक हात लपवतात, अवघड असतात म्हणून. हिनं लपवले नाहीत."

दुसऱ्या दिवशी ऱ्हायोलाइटला गेलो. सोन्याच्या नादानं वसलेलं आणि ओस पडलेलं ते गाव, १९०६ मधलं बाटल्यांचं घर, प्लास्टरच्या पांढऱ्या भुतांचे पुतळे, सगळं पाहिलं. पण आईचं लक्ष नव्हतं. जवळच्या बीटी गावातल्या एका दुकानात तिनं वही आणि रंगीत पेन्सिली मागितल्या. परतीच्या वाटेवर माझ्या शेजारी बसून ती हात काढत होती. माझा स्टिअरिंगवरचा, मुलाचा झोपेत लोंबलेला, स्वतःचा डावा.

तुमचा नकाशा परत करायचा होता, पण तो आईनं सामानात घालून नेला. घडीवर फाटू लागला होता, तिनं मागून कागद चिकटवलाय. फक्त एक गोल राहून गेला, डेथ व्हॅलीतल्या रेसट्रॅक प्लाया या कोरड्या तळ्याचा. बर्फाच्या पातळ पापुद्र्यांना वाऱ्यानं ढकललं की तिथले दगड मागे माग ठेवत सरकतात. त्याच्याशेजारी तुम्ही लिहिलं होतं, "२७ मैल खडबडीत रस्ता, मला घेतल्याशिवाय जाऊ नका." आई पुढच्या फेब्रुवारीत परत येतेय. मागची डावीकडची सीट तुमची. पंप आम्ही आणतो, तारीख तुम्ही कळवा.

तुमची,
ताईंची मुलगी