कार्लाइलचा १९१२चा हंगाम एकट्या थॉर्प यांचा नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या क्रीडा पुरवणीतील अमेरिकी मूलनिवासी खेळाडू जिम थॉर्प यांच्यावरचा लेख आवडीने वाचला. १९१२च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमधील पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉनची सुवर्णपदके, थोड्याफार पैशांसाठी पूर्वी बेसबॉल खेळल्याच्या कारणावरून १९१३ मध्ये ती काढून घेतली जाणे आणि २०२२ मध्ये पुन्हा एकमेव विजेते म्हणून त्यांची नोंद होणे, हे सारे लेखात नेटके आले आहे. मात्र स्टॉकहोमहून परतल्यावर लगेच ते ज्या संघाकडून अमेरिकन फुटबॉल खेळले, त्या कार्लाइल या शाळेच्या हंगामाची एका ओळीत बोळवण झाली असून, त्या ओळीतही सारे श्रेय थॉर्प आणि प्रशिक्षक पॉप वॉर्नर या दोघांनाच दिले आहे. संघातील इतर मुलांवर हा अन्याय आहे, असे मला मनापासून वाटते.

कार्लाइलचा संघ मोठमोठ्या विद्यापीठांशी खेळत असला, तरी ही संस्था म्हणजे अमेरिकी सरकारने मूलनिवासी जमातींच्या मुलांसाठी चालवलेली निवासी शाळा होती. रिचर्ड हेन्री प्रॅट या लष्करी अधिकाऱ्याने १८७९ मध्ये पेनसिल्व्हेनियातील जुन्या लष्करी बराकींत ती सुरू केली. ‘इंडियन’ मारून त्यातला माणूस वाचवायचा, हे त्यांनी उघड बोलून दाखवलेले धोरण होते. दूरदूरच्या वस्त्यांवरून आणलेल्या मुलांचे केस कापले जात, त्यांच्या भाषेवर बंदी असे. पहिल्या तुकडीतील ल्यूथर स्टँडिंग बेअर यांनी लिहून ठेवले आहे की, फळ्यावर काही नावे लिहिलेली होती आणि ज्या मुलांना त्यातले एक अक्षरही वाचता येत नव्हते, त्यांना हातात काठी देऊन त्यातले एक नाव निवडायला सांगण्यात आले. काठी जिथे टेकली, ते त्या मुलाचे नाव झाले.

अशा शाळेच्या संघाने १९१२ मध्ये १४ सामन्यांपैकी १२ जिंकले, एक बरोबरीत सोडवला आणि एकच गमावला. व्हिलानोव्हाचा ६५-०, सिराक्यूजचा ३३-० आणि पिट्सबर्गचा ४५-८ असा धुव्वा उडाला. वॉशिंग्टन अँड जेफरसनविरुद्ध दोन्ही संघांची पाटी कोरी राहिली, तर पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाने कार्लाइलला ३४-२६ असे हरवले. हंगामाअखेर संघाच्या नावावर ५०४ गुण होते. एका खेळाडूच्या बळावर एवढी मजल मारता येत नाही. डावपेचांची हाक देणारा क्वार्टरबॅक गस वेल्च, चेंडू घेऊन धावणारा अ‍ॅलेक्स अर्कासा, आघाडीच्या फळीत भिंतीसारखा उभा राहणारा जो गायन, ही नावे आपल्या वाचकांपर्यंत पोहोचायला हवी होती.

९ नोव्हेंबर १९१२ रोजी वेस्ट पॉइंट येथे झालेल्या सामन्याविषयी थोडे विस्ताराने लिहिणे भाग आहे, कारण त्या दिवशी समोर अमेरिकी सैन्याच्या अधिकारी प्रशिक्षण संस्थेचा संघ होता. वूंडेड नी येथे याच सैन्याने लाकोटा स्त्री-पुरुषांची आणि मुलांची केलेली कत्तल जेमतेम २२ वर्षांपूर्वीची होती. सैन्याच्या संघात पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले ड्वाइट आयझेनहॉवरही होते. पहिले गुण सैन्याने मिळवले, पण नंतर कार्लाइलने त्यांना डोके वर काढू दिले नाही. दोन्ही बाजूंना पंख पसरावेत तशी खेळाडूंची मांडणी करून चेंडू नेमका कोणाच्या हाती जाणार, याचा थांगपत्ता लागू न देणे, ही त्यांची युक्ती होती. धिप्पाड प्रतिस्पर्ध्यांना त्यांनी वेगाने आणि हुलकावण्यांनी दमवले. गायनशी झुंजताना सैन्याचा कर्णधार डेव्होर याचा तोल सुटला आणि धक्काबुक्कीबद्दल त्याला मैदानाबाहेर काढण्यात आले. सामना कार्लाइलने २७-६ असा जिंकला आणि त्यातले तीन टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या शेवटच्या रेषेपलीकडे नेऊन मिळवलेले गुण) अर्कासाचे होते. थॉर्प त्या दिवशी अफाट खेळले यात शंका नाही, पण त्यांना अडवायला सारे धावत असताना मोकळी झालेली वाट साधणारेही तितकेच तयारीचे होते.

वॉर्नर यांच्याविषयी लेखात केवळ कौतुक आहे. त्यांची कल्पकता मीही नाकारत नाही. अमेरिकन फुटबॉलच्या डावपेचांवर त्यांचा ठसा पुढे अनेक दशके राहिला. पण त्यांच्याविरुद्ध तक्रार उभी केली ती त्यांच्याच संघाच्या वेल्चने. त्याने शाळेतील मुलांच्या सह्या गोळा करून सरकारकडे अर्ज पाठवला आणि १९१४ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या (संसदेच्या) सदस्यांनी कार्लाइलमध्ये येऊन चौकशी केली. फुटबॉलच्या सामन्यांतून मिळणारा पैसा कसा खर्च होतो आणि प्रशिक्षक खेळाडूंशी कोणत्या भाषेत बोलतात, याबद्दल मुलांनी तिथे निर्भयपणे साक्षी दिल्या. शाळेचे अधीक्षक मोझेस फ्रीडमन यांना जावे लागले आणि पुढे वॉर्नरही पिट्सबर्गला गेले. मैदानावर सैन्याला हरवण्याइतकेच हे धाडस मला मोठे वाटते, कारण इथे समोर ज्यांच्या मर्जीवर रोजचे जेवण-राहणे अवलंबून होते ती माणसे होती. वेल्च पुढे कायदा शिकला, हेही नोंदवण्यासारखे आहे.

१९१८ मध्ये शाळा बंद झाली. तिथे दगावलेल्या मुलांची दफनभूमी आजही आहे आणि २०१७ पासून त्यांतील काहींचे अवशेष त्यांच्या जमातींच्या स्वाधीन केले जात आहेत. डिसेंबर २०२४ मध्ये या जागेला राष्ट्रीय स्मारकाचा दर्जा मिळाला. त्यामुळे या विषयावर मराठीत सविस्तर लिहिण्यास ही वेळ योग्य आहे. आपल्या पुरवणीने वेल्च, अर्कासा आणि गायन यांच्यावर स्वतंत्र लेख द्यावा आणि त्यासोबत त्या हंगामातील चौदाही सामन्यांचे निकाल छापावेत, अशी माझी विनंती आहे.

आपला,
एक वाचक, सांगली