शरणपूरच्या आत्याचं ऐकून घेणाऱ्या बाईंना

आदरणीय मॅडम,

तुम्ही इतिहासकार. तुम्हाला मराठी वाचता येत नाही, पण केनियातल्या मोंबासात कुणी ना कुणी वाचून दाखवेलच. नाही दाखवलं तरी इथल्या माणसांनी वाचावं, म्हणून हे उघड पत्र.

नाशिकचं शरणपूर आणि केनियाचा किनारा यांचं नातं आम्हाला शाळेत कुणी सांगितलं नाही. गुलामांच्या गलबतांवरून इंग्रजांच्या आरमाराने सोडवलेली आफ्रिकन मुलं मुंबईत उतरायची, त्यांतली काही शरणपूरच्या मिशनमध्ये यायची आणि सुतारकाम, लोहारकाम, बायबल शिकायची. जेकब वेनराइट त्यांतलाच. आफ्रिकेत वारलेल्या इंग्रजी मिशनरी-संशोधक लिव्हिंगस्टनच्या पार्थिवासोबत तो थेट लंडनला गेला, १८ एप्रिल १८७४ ला वेस्टमिन्स्टर ॲबेत अंत्ययात्रेच्या मानकऱ्यांत होता. पुढच्या वर्षी मोंबासाजवळ सोडवलेल्या गुलामांसाठी फ्रीअरटाउन वसलं, आणि तिथे शिकवायला, उपदेश करायला नाशिककडची हीच मंडळी गेली. गावाला नाव मात्र मुंबईच्या माजी गव्हर्नरचं, बार्टल फ्रीअरचं. पगारावरून, मानावरून त्यांचे गोऱ्या मिशनऱ्यांशी खटके उडाले, तेही आपल्याला कळतं ते बहुतेक मिशनऱ्यांच्याच पत्रांतून. त्यांची स्वतःची बाजू घराघरांत तोंडी राहिली. मोंबासाजवळच्याच रबईत, फ्रीअरटाउनात तुम्ही ती ओट्यावर बसून ऐकलीत. मग त्याच धाग्याने इथवर, शरणपूरला आमच्या आत्याकडे आलात.

आमच्या आत्याकडे याआधीही लोक आले होते. एका संस्थेच्या साहेबांनी पहिलाच प्रश्न टाकला, "लेखी पुरावा काय?" नाही म्हटल्यावर अर्धा चहा तसाच ठेवून उठले. दुसऱ्या एकाने तोंडासमोर मोबाइल धरून तिच्या तोंडात आपलीच वाक्यं घातली. छापून आलं तेव्हा आमची आत्या झाली होती "एक वृद्धा". बाई चिडली नाही, पण त्यानंतर कुणालाच दारात उभं करेना.

तुम्ही मुलाखत घेतलीत, ते एक झालं. ती कुणीही घेईल. मी विसरणार नाही ते दुसऱ्या दिवशीचं. दुभाष्या पोरीला घेऊन तुम्ही परत आलात आणि टिपून घेतलेलं सगळं आत्याला मराठीत वाचून दाखवायला लावलंत. आजीकडून ऐकलेल्या एका लग्नाची गोष्ट आली तशी आत्या म्हणाली, "हे नको. त्यांची लेकरं-बाळं आहेत गावात." तुम्ही पेन काढून तिच्यासमोर त्या ओळींवर रेघ मारलीत. कारण विचारलं नाही. इतिहासकाराला तीच गोष्ट सगळ्यात हवीशी असणार, एवढं मलाही कळतं! मग नाव द्यायचं का, कसं द्यायचं, हेही तिलाच विचारलंत. तिने माहेरचं नाव सांगितलं. तेच लागलं.

दुसऱ्याच्या घरातलं बोलणं त्याचंच असतं, एवढी साधी रीत. शिकलेसवरलेले लोक ती का विसरतात देव जाणे. पदव्या, पुरस्कार पुष्कळांकडे असतात. रेघ मारायला हात धजावणारे थोडे.

रेकॉर्डिंगची प्रत पोचली. आत्या दुपारी लावून बसते आणि मध्येच स्वतःलाच दुरुस्त करते. तिला आणखी दोन गोष्टी आठवल्यात, त्या फोनवर सांगणार नाही म्हणते. पुढच्या वेळी जेवायलाच या. सुकट चालते का, तेवढं आधी कळवा.

आपला,
आत्याचा भाचा