लोकनायक बापूजी अणे दालनासाठी मदतीचे आवाहन

समस्त वणीकर बंधुभगिनींनो, आणि नोकरीधंद्यासाठी नागपूर-पुण्यापासून परदेशापर्यंत पांगलेल्या आपल्या माणसांनो,

सप्रेम नमस्कार.

वाचनालयातील बापूजी दालनाच्या मागच्या बाजूचे कवेलू बदलल्याशिवाय पुढचा पावसाळा निघणार नाही, असे मिस्त्रींनी गेल्या वर्षीच सांगितले होते. आम्ही ताडपत्री टाकून वेळ मारून नेली. आता वासेच कुजले आहेत. ‘श्रीतिलकयशोऽर्णवा’चा आपल्याकडचा खंड परवा कपाटातून काढला, तर पुठ्ठ्याला वाळवी लागलेली, बोट लावले की भुसा पडतो. लोकमान्यांचे चरित्र बापूजींनी हजारो संस्कृत श्लोकांत रचले, त्याला १९७३ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांच्या पश्चात मिळाला, आणि तोच ग्रंथ त्यांच्या जन्मगावी वाळवी खाते आहे. याहून जास्त काही लिहवत नाही.

नव्या पिढीला बापूजी म्हणजे फार तर कॉलेजच्या पाटीवरचे नाव. म्हणून थोडे सविस्तर सांगतो, जुन्या मंडळींनी सांभाळून घ्यावे. माधव श्रीहरी अणे यांचा जन्म २९ ऑगस्ट १८८० चा, आपल्या वणीतला. नागपूरच्या मॉरिस कॉलेजातून पदवी, अमरावतीत काही वर्षे मास्तरकी, मग कलकत्ता विद्यापीठाची कायद्याची परीक्षा आणि १९०८ पासून यवतमाळला वकिली. लोकमान्यांना शिक्षा होऊन मंडालेला नेले तेही याच वर्षी. वऱ्हाडातल्या वकिलाकडे येणारी कामे ठरलेली: धुऱ्याची भांडणे, वाटण्या, सावकाराचे दावे. त्या कोर्टातला हा टिळकभक्त वकील १९२४ मध्ये दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळात वऱ्हाडचा प्रतिनिधी म्हणून जाऊन बसला. पुढे भारताच्या राज्यघटनेचा आराखडा करणाऱ्या १९२८ च्या नेहरू समितीतही होता.

आणि १९३० च्या जुलैत काय केले? कायदे करणाऱ्या सभागृहात बसलेला हा माणूस पुसदजवळच्या राखीव जंगलात शिरला आणि परवान्याशिवाय गवत कापून त्याने सरकारचा जंगल कायदा मोडला. आपल्याकडे समुद्र नाही, मीठ कुठून उचलणार? पण गुरांच्या चाऱ्यावरही सरकारचा पहारा होता, ही नस बापूजींनी बरोबर ओळखली. हा प्रसंग दालनात येणाऱ्या शाळेच्या मुलांना आम्ही दरवेळी सांगतो, आणि मुलेही दरवेळी विचारतात, ‘गवतासाठी तुरुंग?’

१९३३ मध्ये ते काँग्रेसचे हंगामी अध्यक्ष होते. पुढच्याच वर्षी जातीय निवाड्याच्या, म्हणजे इंग्रज सरकारने वेगवेगळ्या समाजांना दिलेल्या स्वतंत्र मतदारसंघांच्या प्रश्नावर मदनमोहन मालवीयांसोबत त्यांनी वेगळी चूल मांडली. १९४१ मध्ये व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले, याबद्दल आजही काही जण नाक मुरडतात. मुरडोत. पण फेब्रुवारी १९४३ मध्ये गांधीजींचे आगाखान पॅलेसमधले उपोषण सुरू असताना मंडळातले सहकारी होमी मोदी आणि नलिनीरंजन सरकार यांच्यासोबत राजीनामा देऊन बाहेर पडले तेही बापूजीच. त्यानंतर सिलोनमध्ये (आजच्या श्रीलंकेत) भारताचे प्रतिनिधी, १९४८ पासून चार वर्षे बिहारचे राज्यपाल. एवढे झाल्यावर कोणीही घरी बसले असते. हे ऐंशीच्या उंबरठ्यावर नागपूरची पोटनिवडणूक जिंकून लोकसभेत गेले आणि १९६२ ला पुन्हा निवडून आले. वेगळ्या विदर्भाबद्दल आपल्या सभासदांतही दोन तट आहेत, त्यात वाचनालय पडत नाही. परंतु विदर्भाचे नेते ब्रिजलाल बियाणी आणि बापूजी यांनी राज्य पुनर्रचना आयोगापुढे वेगळ्या विदर्भासाठी मांडलेली बाजू दोन्ही तटांनी एकदा वाचावी, एवढे चिटणीस या नात्याने सुचवतो.

बापूजी गेले ते २६ जानेवारी १९६८ ला. पद्मविभूषणही त्याच वर्षीचे. पुण्यतिथी प्रजासत्ताक दिनाला येते, त्यामुळे सगळी पुढारी मंडळी झेंडावंदनातच. आमच्या हाराला आठ-दहा माणसे जमली तरी खूप.

हे दालन उभे राहिले ते मोजक्या लोकांच्या जिवावर. आपल्या निवृत्त मुख्याध्यापिका बाईंनी पेन्शनची पहिली रक्कम जशीच्या तशी आणून दिली आणि पावतीवर नाव घालू दिले नाही. वखारवाल्या शेठजींनी सागवानी टेबल दिले, त्याच्यावरच आज सगळा संसार चालतो. वकील संघातील ज्येष्ठांनी आपल्या घरचे जुने कायद्याचे ग्रंथ दिले. खाणीत काम करणाऱ्या पोरांनी रविवारची सुटी मोडून भिंतींना रंग दिला, चहाशिवाय काही घेतले नाही. यांचे ऋण फिटणारे नाही. मात्र मागच्या आवाहनाला व्हॉट्सअ‍ॅपवर नमस्काराचे हात ढिगाने आले आणि पावती पुस्तक जवळपास कोरे राहिले, हेही सांगितलेच पाहिजे. गणपतीच्या वर्गणीला आपले गाव कधी कमी पडत नाही. मग इथेच हात का आखडतो?

आता कामाचे. छप्पर व वासे मिळून दीड लाख, तीन लोखंडी कपाटे, वाळवीची फवारणी, ग्रंथांची नवी बांधणी आणि जुनी कागदपत्रे, फोटो, अधिवेशनांची कात्रणे यांचे स्कॅनिंग धरून एकूण अंदाज तीन लाखांचा. जमा सुमारे ऐंशी हजार. मिस्त्री मृगाच्या आधी काम संपवून देतो म्हणतात, म्हणून रक्कम ३० एप्रिलपर्यंत हवी. धनादेश वाचनालयाच्या नावाने काढावा. रोख फक्त खिडकीवर, सायंकाळी ५ ते ८, सोमवार बंद, पावती घेतल्याशिवाय जाऊ नये. क्यूआर कोड सूचना फलकावर आहे, पैसे पाठवल्यावर नाव व रक्कम कळवावी, नाहीतर हिशेबात घोळ होतो. प्राप्तिकराची सवलत तूर्त नाही. एका कपाटाचा पूर्ण खर्च देणाऱ्याचे किंवा त्यांच्या दिवंगत आप्तांचे नाव कपाटावर लावू. पैसे जमत नसतील त्यांनी श्रमदानाला यावे, तारीख फलकावर लावतो. कोणाच्या माळ्यावर बापूजींची पत्रे, फोटो, निवडणुकीची पत्रके असतील तर रद्दीत घालण्याआधी एकदा दाखवा. स्कॅन करून मूळ प्रत परत मिळेल.

आपला नम्र,
चिटणीस
(कार्यकारिणीच्या वतीने)