जुन्या मित्राला सोडलं कोणी?

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या अग्रलेखात तुम्ही आर्मेनियाला संधिसाधू ठरवलंत. तीस वर्षं रशियाच्या आधाराने राहिलेल्या देशाने अडचणीच्या काळात जुन्या मित्राकडे पाठ फिरवली आणि अमेरिका-युरोपचा रस्ता धरला, असा एकूण सूर होता. काल सकाळी वाचलं, दिवसभर डोक्यातून गेलं नाही, म्हणून आज लिहायला बसले.

माझी मुलगी २०१८ ते २०२४ आर्मेनियाच्या राजधानीत, येरेवानला एमबीबीएस शिकत होती. प्रवेश मिळवून देणाऱ्या एजंटाने आमच्याच घरी चहा पिताना सांगितलं होतं, ‘ताई, काळजी कसली करता? तिथे रशियाचा लष्करी तळ आहे. हात लावायची कोणाची हिंमत नाही.’ ग्युमरीचा तळ खराच आहे. आम्ही विश्वास ठेवला. आर्मेनियाच्या लोकांनीही तोच विश्वास ठेवला होता, हे पुढे कळलं.

२०२० च्या अझरबैजानशी झालेल्या ४४ दिवसांच्या लढाईत मुलगी करोनामुळे घरीच होती. पण १३ सप्टेंबर २०२२ ला सकाळी उजाडायच्या आत तिचा फोन आला. जेर्मुक शहरावर अझरबैजानच्या तोफा सुरू झाल्या होत्या. हे कराबाख (अझरबैजानच्या हद्दीतला, आर्मेनियन वस्तीचा वादग्रस्त प्रदेश) नव्हे, खुद्द आर्मेनिया, ज्याच्या रक्षणाची हमी रशियाच्या पुढाकारातल्या सामूहिक सुरक्षा कराराने दिली होती. दोन दिवसांत आर्मेनियाचे दोनशेच्या वर सैनिक गेले. मदत मागितल्यावर काय आलं? पाहणी पथक! तुमच्या अग्रलेखात जेर्मुकचं नावसुद्धा नाही. ते वगळून संधिसाधू हा शब्द कसा लिहवला?

पुढच्या वर्षीचं तर मी विसरूच शकत नाही. मुलगी ज्यांच्याकडे भाड्याने राहायची त्या आजींना ती तातिक म्हणायची, म्हणजे त्यांच्या भाषेत आजीच. तातिकची धाकटी बहीण कराबाखमध्ये स्तेपानाकेर्तला होती. कराबाखला आर्मेनियाशी जोडणारा लाचिनचा रस्ता डिसेंबर २०२२ पासून अझरबैजानकडून अडवलेला. पावाला रांगा, औषधं नाहीत, गाड्यांना पेट्रोल नाही. त्याच रस्त्याच्या रक्षणासाठी २०२० च्या करारानुसार सुमारे दोन हजार रशियन शांतिसैनिक तिथे होते. नऊ महिने रस्ता मोकळा झाला नाही. १९ सप्टेंबर २०२३ ला अझरबैजानने हल्ला केला आणि एका दिवसात सगळं संपलं. आठवडाभरात एक लाखाहून जास्त माणसं घरदार सोडून निघाली. आर्मेनियाची लोकसंख्या तीस लाखांच्या आसपास, म्हणजे दर तीस माणसांमागे एक निर्वासित!

तातिकच्या बहिणीचं कुटुंब आर्मेनियातल्या गोरिसला पोहोचलं ते तीस तासांनी. एरवी दोन-अडीच तासांचा रस्ता. सोबत दोन गोधड्या आणि नातवंडांचे शाळेचे दाखले. तातिकने माझ्या मुलीला खोली सोडायला सांगितलं नाही. मुलगीच आपली गादी उचलून तातिकच्या खोलीत गेली. तिसऱ्या दिवशी त्या बहिणीने सगळ्यांसाठी झिंगालोव हात्स केले, ती त्यांच्याकडची पालेभाज्या भरलेली पोळी. मुलगी व्हिडिओवर दाखवत म्हणाली, ‘आई, बघ, आपल्या धपाट्यासारखंच लागतं.’ मागे ती बाई पाठ करून पीठ मळत होती. मला काय बोलावं ते सुचलं नाही.

त्या घराला कोणी सांगावं की तुम्ही मैत्री मोडलीत?

आर्मेनियाचे पंतप्रधान पाशिन्यान यांच्या सरकारने २०२४ मध्ये त्या सामूहिक सुरक्षा कराराच्या संघटनेतला सहभाग थांबवला, तो या सगळ्यानंतर. भारताकडून पिनाक हे रॉकेट लाँचर घेतलं तेही गरज म्हणून. (ते आपल्या पुण्याच्या एआरडीई या संरक्षण संशोधन संस्थेने विकसित केलंय, याचा मला अभिमान आहे.) अमेरिका उद्या धावून येईल असं मलाही वाटत नाही. ८ ऑगस्ट २०२५ ला वॉशिंग्टनमध्ये आर्मेनिया-अझरबैजानमध्ये झालेल्या समझोत्यातला ट्रम्प यांच्या नावाचा मार्ग आर्मेनियाच्या दक्षिणेकडच्या स्यूनिक प्रांतातून, इराणच्या सीमेला लागून जाणार. तुर्कस्तानची सीमा १९९३ पासून बंद आहे. २०२३ च्या भूकंपात याच आर्मेनियाने मार्गारा पुलावरून तुर्कस्तानला मदतीचे ट्रक पाठवले, तेवढ्यापुरती ती उघडली. पूर्वेला अझरबैजान. उरले जॉर्जिया आणि इराण, आणि इराणवर निर्बंध. अशा घराने दार ठोठावायचं तरी कोणाचं, हे अग्रलेखात सांगायला हवं होतं.

अग्रलेखासोबतच्या नकाशाबद्दलही लिहिते. नाखिचेवान अझरबैजानचा आहे, पण मधे आर्मेनिया असल्याने तो तुटून पडलाय. स्यूनिकमधल्या त्या मार्गाचा सगळा वाद त्यावरूनच आहे. तुमच्या नकाशात नाखिचेवान दाखवलेलाच नाही. मग वाचकाला काय कळणार?

आणि शेवटी, कालच्याच अंकात पाचव्या पानावर ‘परदेशात एमबीबीएस, शंभर टक्के सुरक्षित’ अशी पाव पान जाहिरात आहे. त्यात येरेवानही आहे. तिथले प्राध्यापक चांगले आहेत, माणसं सोन्यासारखी आहेत, माझी तक्रार त्यांच्याबद्दल मुळीच नाही. पण आमच्या एजंटाने १३ सप्टेंबरला आणि नंतर महिनाभर फोन उचलला नाही. भारतात परतल्यावर एफएमजीई नावाची परीक्षा द्यावी लागते, ती अवघड असते, हेही त्याने सांगितलं नव्हतं. मुलगी सध्या तिचाच अभ्यास करतेय. शंभर टक्के सुरक्षित हे शब्द छापण्याआधी जाहिरात विभागातलं कोणी तपासतं का? कृपया उत्तर द्यावं.

आपली,
एक जुनी वाचक, सांगली