परतीची रेघ नसलेलं घर

प्रिय मित्रा,

तुझं मागचं पत्र वाचून दोन दिवस मी तुझ्यावर फुगून होतो. ‘गुहेतलं चिन्ह चोराने वहीत उतरवून घेतलं आणि त्याला जादू यायला लागली, तर त्या गुहेत डोकावणारा प्रत्येक जण जादूगार का झाला नाही?’ एवढ्या एका प्रश्नात माझ्या कादंबरीचा पाया उखडलास. तिसऱ्या दिवशी पटलं. वर्तुळ, त्यात त्रिकोण, त्यात डोळा... दिसायला भारदस्त, पण शेवटी नक्षीच. कुणीही गिरवावी आणि फळ मिळावं, अशी. ती पानं फाडून टाकली. (खोटं कशाला बोलू, खणात ठेवलीत. फाडवेनात.)

नवं चिन्ह सापडलं ते आपल्या शाळेच्या वहीच्या मागच्या पानावर. आठवतंय ना ते घर? चौकोन, आत फुली, वर दोन रेघांचं छप्पर. पेन्सिल उचलायची नाही, एकही रेघ दोनदा गिरवायची नाही. तू दरवेळी जिंकायचास. मी छपराच्या टोकापासून सुरू करायचो आणि दरवेळी अडकायचो.

मी का अडकायचो, हे गणितज्ञ ऑयलरने १७३५ सालीच सांगून ठेवलंय. त्याच्यापुढे कोनिग्सबर्ग शहरातल्या सात पुलांचं कोडं होतं (प्रत्येक पूल एकदाच ओलांडून सगळे फिरता येतील का?), पण मर्म तेच. बिंदूत शिरायला एक रेघ लागते, बाहेर पडायला दुसरी. ज्या बिंदूला विषम रेघा येऊन मिळतात, तिथे वाट सुरू तरी होते नाहीतर संपते. आपल्या घरात छपराच्या टोकाला २ रेघा, त्याखालच्या कोपऱ्यांना ४-४ आणि जमिनीवरच्या दोन कोपऱ्यांना ३-३. म्हणजे खालच्या एका कोपऱ्यात सुरू केलं की दुसऱ्यातच संपणार. निघालास त्या जागी परतणं नाही. गणित वाचताना अंगावर काटा यायची ही माझी पहिलीच वेळ.

तेव्हा आता ऐक. माझ्या नदीकाठच्या नावाड्यांमध्ये या चिन्हाला ‘ऐलपैल’ म्हणतात. डावा कोपरा ऐल, उजवा पैल. कुणी गेलं की पाणी उतरल्यावर ओल्या वाळूत ते काढायचं. हाताने नाही, चालत. गेलेल्या माणसाचं वल्हं मागे ओढत जायचं, त्याची रेघ उमटत जाते. आठ रेघा, मध्ये थांबायचं नाही. फुलीच्या मध्यावर स्वतःचीच रेघ ओलांडावी लागते, तेव्हा खाली बघायचं नाही. आठवी रेघ संपते तेव्हा चालणारी व्यक्ती पैलाला उभी असते, म्हणजे खरोखरच पलीकडे. गेलेलं माणूस समोर दिसतं. बोलता येत नाही. वल्हं तेवढं त्याच्या हाती द्यायचं.

आता परतायचं कसं? रेघ तर उरलेली नाही. म्हणून ऐलाला एक साक्षी उभा असतो. तो हाक मारतो, तीही घरातल्या लाडक्या नावाने, कारण पाळण्यातलं नाव पलीकडचेही ओळखतात आणि तेच ओ देतील. हाक ऐकून बाहेरून लांब वळसा घालत यायचं. पाणी चढून चिन्ह पुसेपर्यंत दोघांनी काठ सोडायचा नाही. काही जण हाक ऐकूनही येत नाहीत. त्यांचं काय होतं, ते मी लिहिणार नाही. काठावरच्या लोकांनाही ते माहीत नाही.

आणि हे तुझ्या चोराचं उत्तर. ऐलापासून ही आकृती पुरी करायच्या वाटा किती, ते मी हाताने मोजत बसलो. एकदा ४१ आल्या, एकदा ४६. शेवटी कॉम्प्युटरला कामाला लावलं. त्या ४४ निघाल्या. मग माझ्या काठावर घराणीही ४४, प्रत्येकाचा क्रम निराळा. पुऱ्या झालेल्या आकृत्या मात्र हुबेहूब सारख्या! वाळूकडे बघून कुठली रेघ आधी आणि कुठली नंतर, हे कुणालाही सांगता येत नाही. ते चालणाऱ्याला आणि साक्षीलाच ठाऊक. चोराने बिनचूक नक्कल केली तरी त्याच्या हाती लागतं एक घराचं चित्र, बस्स.

यातून कथाही आपोआप सरकली. घराण्यातला शेवटचा माणूस गेला की त्याच्याबरोबर क्रमही जातो. माझ्या नायिकेच्या घरात आता ती एकटीच उरली आहे. बापासाठी चालायचंय, पण ऐलाला उभं राहायला कुणी नाही. तिचं लाडकं नाव माहीत असलेला शेवटचा माणूस म्हणजे बापच, आणि तो पैलाला. मग तिला नववी रेघ सुचते. पैलापासून ऐलापर्यंत, वाळूवर खालून एक बाक घेतलेली. ती काढली की सगळेच कोपरे सम होतात, कुठूनही निघा, तिथेच परत या. नावाड्यांत या रेघेचं नाव घेणंसुद्धा निषिद्ध आहे, कारण जी वाट तिला परत आणेल, ती दुसऱ्यालाही आणू शकते. मी इथवर आलोय. तिने ती काढावी की नाही, यावर रोज माझं मत बदलतं. काढावी असं म्हणतोस का? आणि काढलीच, तर तिच्या मागोमाग कोण यावं? बाप नको. फारच सोपं होईल.

लवकर लिही. या वेळी दोन दिवस फुगणार नाही, एकच.

तुझाच

ता. क. तू ते घर काढताना छप्पर अगदी शेवटी, ऐटीत काढायचास, असं मला स्पष्ट आठवतंय. पण शेवटची रेघ खालच्या कोपऱ्यातच संपायला हवी. छपराची रेघ शेवटची असूच शकत नाही. तेव्हा एक तर माझी आठवण खोटी, नाहीतर तू पेन्सिल उचलायचास. खरं काय ते सांग.