रिकाम्या खोलीचा आवाज ऐकवणाऱ्या काकांना

आदरणीय काका,

सादर नमस्कार. माझा अकरा मिनिटांचा लघुपट पुरा झाला तो आपण मला दिलेल्या तीन संध्याकाळींमुळे, आणि त्याबद्दलचे आभार चारचौघांसमोर मानावेत असे वाटल्याने हे पत्र लिहीत आहे.

माझ्याकडे काय होते? नालासोपाऱ्यातली रुळांलगतची भाड्याची खोली, आणि आईने गावाहून फोनवर पाठवलेले व्हॉइस मेसेज. त्या मेसेजखाली मी सारंगी घातली होती. ती आपण पहिल्याच दिवशी काढायला लावलीत आणि म्हणालात, "हुरहुर सारंगीकडून उसनी कशाला घेतेस? तू नसताना खोली काय ऐकते, ते आण." स्वतःचा रेकॉर्डरही दिलात. तो रात्रभर खोलीत ठेवून मी बाहेर राहिले. सकाळी ऐकले, तेव्हा फ्रिजची घरघर, वरच्या मजल्यावरचा गळका नळ आणि दर थोड्या वेळाने "कृपया दरवाजा बंद करा" म्हणणारी लिफ्टमधली बाई, एवढेच त्यात होते. दोन वर्षे तिथे राहूनही यातले काही मी ऐकले नव्हते.

दुसऱ्या संध्याकाळी दिग्दर्शक मणी कौल यांच्या १९८० च्या 'अरायव्हल' या माहितीपटाविषयी आपण बोललात. त्यात फळे, भाजीपाला, मेंढ्या आणि मजूर असे सारेच मुंबईत येऊन उतरते. मग बेल्जियन दिग्दर्शिका शांताल अकरमन यांचा, १९७६ मध्ये न्यूयॉर्कमध्ये चित्रित झालेला 'न्यूज फ्रॉम होम' दाखवलात. तो लघुपट नव्हे, जवळजवळ दीड तासाचा आहे. पण मला हवे होते ते त्यातच सापडले. पडद्यावर रस्ते आणि भुयारी रेल्वे दिसत राहते, दिग्दर्शिका ब्रुसेल्सहून आलेली आईची पत्रे वाचत राहते, आणि शहराच्या गोंगाटात त्यातल्या कित्येक ओळी बुडून जातात. तिथे आपण चित्र थांबवलेत आणि काहीच समजावून सांगितले नाहीत, याबद्दल मी विशेष ऋणी आहे.

तिसऱ्या संध्याकाळी मी आईच्या एका वाक्यावरून विरार फास्ट लोकलचा खडखडाट जाऊ दिला. आवाज जपण्याचे काम आयुष्यभर केलेल्या आपण आईचा तो आवाज बुडू दिलात.

गेल्या आठवड्यात आईने लघुपट पाहिला. गाडी निघून गेल्यावर तिने विचारले, "इथं मी काय म्हणत होते गं?" तिचा हा प्रश्न आपल्यापर्यंत पोहोचवायचा होता.

आपली कृतज्ञ,
नालासोपाऱ्याची मुलगी