मॅकवर ‘सगळे’ गेम चालत नाहीत

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

अभियांत्रिकीचे प्रवेश सुरू झाले की पुण्यात लॅपटॉप खरेदीला जोर येतो. मॅकबुक पाहणाऱ्या मुलांना काही दुकानांत बिनदिक्कत सांगितले जाते, ‘क्रॉसओव्हर टाका, विंडोजचे सगळे गेम चालतात.’ क्रॉसओव्हर म्हणजे मॅकवर विंडोजचे प्रोग्रॅम चालवणारे सॉफ्टवेअर. यातला ‘सगळे’ खोटा आहे, आणि त्याची किंमत पालक मोजतात.

२०२० पासून आलेल्या अ‍ॅपल चिपच्या मॅकवर बूट कॅम्प, म्हणजे मॅकमध्ये खरेखुरे विंडोज टाकण्याची सोय, नाही. क्रॉसओव्हर ज्या ‘वाइन’ या सॉफ्टवेअरवर उभे आहे, त्यातही विंडोज नसतेच. गेम विंडोजकडे जे मागतो ते वाइन मॅककडून करून घेते. रोझेटा इंटेलचा कोड चिपला समजेल असा करते, डी३डीमेटल विंडोजच्या डायरेक्टएक्स ११ आणि १२ या ग्राफिक्स यंत्रणेची कामे मॅकच्या मेटल या यंत्रणेकडे वळवते. इतके दुभाषे मध्ये असूनही एकट्याने खेळायचे पुष्कळ गेम उत्तम चालतात. व्हॅलोरंट हा ऑनलाइन गेम मात्र चालत नाही. त्याचे फसवणूक रोखणारे व्हॅनगार्ड विंडोजच्या कर्नलमध्ये (गाभ्यात) बसते आणि इथे तो कर्नलच नाही. तिथे सेटिंगशी झटापट करण्यात अर्थ नाही.

क्रॉसओव्हर १४ दिवस फुकट वापरता येते, तेव्हा आधी त्यातच पाहावे. विंडोज १० ची ६४-बिट बॉटल (क्रॉसओव्हरमधला वेगळा कप्पा) करा आणि स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानाचे विंडोजचे अॅप त्या बॉटलमध्येच टाका. मॅकच्या स्टीमवर हे गेम उतरत नाहीत. ग्राफिक्समध्ये डी३डीमेटल निवडा, वेग वाढवणारे एमसिंक चालू करा. पडदा काळाच राहिला तर डी३डीमेटलऐवजी डीएक्सएमटी किंवा डीएक्सव्हीके हे पर्याय लावून बघा. सुरुवातीला गेम अडखळतो, कारण शेडर (पडद्यावरचे चित्र रंगवणारे छोटे प्रोग्रॅम) तेव्हा तयार होत असतात. तेवढ्यावरून निराश होऊ नये. बॉटल एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलेल्या हार्ड डिस्कवर ठेवू नका. तिथे सिमलिंक (दुसऱ्या फाइलकडे बोट दाखवणाऱ्या फाइली) टिकत नाहीत, डिस्क मॅकच्या एपीएफएस पद्धतीची असावी. मॅकबुक एअरला पंखा नाही, त्यामुळे खेळ लांबला की चिप तापून वेग उतरतो. हाय रिझोल्यूशन मोड बंद केल्याने बराच फरक पडतो.

गेम विकत घेतलाच असेल तर स्टीमवर १४ दिवसांच्या आत, खेळण्याचे दोन तास भरण्यापूर्वी परतावा मागता येतो.

विक्रेत्यांना एवढीच विनंती, की बिल फाडण्यापूर्वी मुलाला विचारा, ‘कोणता गेम खेळतोस?’ उत्तर व्हॅलोरंट आले, तर त्याला विंडोजचा लॅपटॉप दाखवा.

– एक वाचक, कोथरूड, पुणे